पंचवीस बोर्डांची किल्ली

सातपुड्याकडून सुटलेलं गार वारं सकाळपासून संग्रामपूरच्या दुकानांचे पत्रे वाजवत होतं. जयमालानं शटर उघडलं, दारापुढची धूळ झाडली, नळाखाली ड्रम लावला. ड्रम अर्धा भरला न भरला तोच तोटी बंद करून ती आत गेली. आज पाण्यात तिचं ध्यान नव्हतं.

टेबलावर पंचवीस बोर्ड ओळीनं मांडलेले, कॉम्प्युटरला जोडलेले. शेतातला पंप मोबाइलवरून चालू-बंद करायचा डबा ती बनवते, त्याचं हे काळीज. डिप्लोमा करून पुण्यात चार वर्षं राबली, मग गावी येऊन हे सुरू केलं. तालुक्यात विहिरीविहिरीवर तिचे डबे लागले. पण मध्यंतरी कोणीतरी तिचेच जुने डबे गोळा केले, त्यात आपला फिरवाफिरवी केलेला प्रोग्राम भरला आणि नवे म्हणून विकले. असाच एक उत्तमरावांच्या मळ्यात बसला. मोटरच्या पंख्यात अडकलेला कचरा ते काढत होते आणि बंद केलेला पंप आपसूक सुरू झाला. दोन बोटांची टोकं गेली. पट्टी बांधून ते सरळ तिच्याकडे आले.

"तुयं नाव वाचून घेतला होता व मी," एवढंच बोलले.

म्हणून हे कुलूप. चिपच्या पोटात बारीक बारीक फ्यूज असतात. ते जाळून आपल्या किल्लीचा, म्हणजे एका गुप्त आकड्याचा, ठसा आत उमटवला, की चिप चालू होताना आधी प्रोग्रामवरची सही तपासते. सही त्या किल्लीची नसेल तर प्रोग्राम चालतच नाही. पण जळलेला फ्यूज पुन्हा जोडता येत नाही. ठसा चुकला की बोर्ड दगड. नव्या चिप यायला चार महिने, आणि गव्हाला पाणी द्यायची पाळी तर तोंडावर आलेली. उत्तमराव आजच नवा डबा न्यायला येणार होते.

तिनं बोट एंटरवर ठेवलं.

"जयमाले! ये व इकडं, वेढे मोजून दे!"

शेजारच्या दुकानातून रज्जाकचाचांची हाक. जळालेल्या मोटरींत नवी तार भरून देणारा हा माणूस वार्निशनं ती कायमची चिकटवण्याआधी तिचे वेढे दुसऱ्याकडून मोजून घेतल्याशिवाय ब्रश उचलत नाही. एरवी बानोचाची मोजायची. ती मलकापूरला लग्नाला गेलेली.

"चाचा, मी घाईत हाये!"

"मंग मोटरबी घाईतच जळन!"

चरफडत ती गेली. बेचाळीस वेढे मोजले. बरोबर होते.

"तुयं कोणं मोजलं?" चाचांनी विचारलं.

"कॉम्प्युटरनं. हिरवी खूण आली."

"त्याले सांगतलं कोणं?"

"मीच."

"मंग मोजलं तूच. दुसरं कोण?" चाचा हात पुसतच तिच्या मागं आले. "मले इंग्रजी येत नाही, पण गाड्यायचे नंबर वाचतो."

खऱ्या किल्लीचा ठसा तिनं काल रात्री वहीत उतरवला होता. आकडे आणि अक्षरं मिळून चौसष्ट. वही चाचांच्या हातात देऊन ती पडद्यावरचं वाचू लागली.

"सात."

"हाव."

"सी. चंद्रकोरीवानी."

"नाही. इथं तीन हाये."

"नीट पाहा ना, चाचा."

"पाह्यलं व. तीनच. पुढं?"

"नऊ."

"नाही."

"पाच."

"नाही व माय. हे एकमेकायचं काहीच लागत नाही."

तिनं फाइलची तारीख पाहिली. पडद्यावर परवाच्या चाचणीच्या किल्लीचा ठसा होता. ती किल्ली तिनं कालच पुसून टाकली होती. फाइल मात्र जुनीच राहिली. दोन्ही ठसे सातानं सुरू होत होते आणि तिनं तेवढंच पाहिलं होतं. एंटर दाबलं असतं तर पंचवीसही बोर्डांना असं कुलूप लागलं असतं, ज्याची किल्ली आता जगात कुठंच नव्हती.

फाइल बदलली. पुन्हा पहिल्यापासून चौसष्ट. चौसष्टाव्यालाही "हाव" आलं. तरी बोट हलेना.

"आता काऊन थांबली?"

"भेव वाटते."

"मले हरेक मोटरीले वाटते. लाव वार्निश."

तिनं एंटर दाबलं. बोर्डांवरचे सगळे दिवे विझले. मग एक हिरवा, दुसरा, चौथा... चोवीस लागले. पंचविसावा लागेना. चाचा वाकून त्याच्याकडे पाहू लागले. मग तोही लागला.

उत्तमरावांच्या डब्यातून काढलेला तो बनावट प्रोग्राम तिनं मुद्दाम पहिल्या बोर्डात भरून पाहिला. दिवा लागला नाही. आपला सहीचा भरला, लागला. तेव्हा कुठं ती खुर्चीवर टेकली.

उत्तमराव आले तेव्हा तोच बोर्ड डब्यात बसला होता. पट्टीचा हात त्यांनी छातीशी धरलेला.

"आता नाही ना होत आपोआप चालू?"

"माया सहीबिगर यात दुसरा प्रोग्राम चालत नाही, काका. पण हात घालाच्या आधी मेन स्विच पाडाच."

त्यांनी डब्यावरचं तिचं नाव वाचलं. मग धड हातानं डबा उचलून काखेत घेतला.

"पाडतो," म्हणाले.

बाहेर अर्धा ड्रम तसाच उभा होता. नळ जायच्या आत भरायला हवा, म्हणून जयमालानं जाऊन तोटी सोडली.