वीस वर्षांचा हलका हप्ता
घोंगडीचा वास आला की मला साखरा गावातलं आमचं पत्र्याचं घर आठवतं. उन्हाळ्यात पत्रा तापला की आम्ही लेकरं मेंढ्यांसोबत बाभळीखाली पडायचो. घरातली पहिली ग्रॅज्युएट मी. माझ्या नोकरीवर घराचं कर्ज मिळत होतं, वीस वर्षांचा हप्ताही हलका होता, म्हणून सगळे खूश होते. मी पूर्ण बेरीज करून सांगितलं, "बाबा, एका घरासाठी आपण दोन घरांचा पैसा भरणार." बाबा हसले, "मंग दुसरं घर दाखव की!" "ते व्याजात जातं. सुरुवातीची वर्षं तर मुद्दल हलतच न्हाई." मग ते हसले नाहीत. "कर्जच कमी काढलं तर?" "तर आत्ताच जास्त पैसा घालावा लागंल." पुढच्या बाजाराला त्यांनी कळप विकला. आमच्यात मेंढ्यांची वाघर, म्हणजे जाळीचा वाडा, कधी पूर्ण रिकामी करत नाहीत, म्हणून एक मेंढी ठेवली. "एकटी काहून ठेवली? वरडून मरंल ती," आई म्हणाली. पाया भरताना, भिंती चढताना, मेंढी ओरडतच राहिली. रस्त्यानं दुसऱ्याचा कळप गेला की दावं ताणायची. बाबा तिच्याकडे पाठ करून विटांवर पाणी मारायचे. स्लॅब टाकायच्या आधी ती मेली. बाबांनी पुन्हा मेंढी आणली नाही. माझा हिशोब बराबर होता, आजही मी तो कुणालाही समजावून सांगते. तरी दिवस कलला की स्वयंपाकघरात मला ते ओरडणं ऐकू येतं. कर्ज कमीच काढलं होतं, ते आम्ही वीसऐवजी आठ वर्षांत फेडलं. घर आमचं आहे.