साडूंचे बिनतेलाचे रोल

तेलाचा इतका राग आणि बायकोवर इतका जीव, या दोन गोष्टी एकाच माणसात मावू शकतात हे आमचे साडू पाहिले नसते तर मला कधीच पटलं नसतं. डहाणूपासून तलासरीपर्यंतच्या आमच्या सगळ्या नातेवाइकांत त्यांच्यासमोर 'तळण' हा शब्द उच्चारण्याची कोणाची छाती नव्हती. लग्नाच्या पंगतीत भजी आली की ते भज्याकडे असे बघत, जणू त्याच्यावर आधीच दोन गुन्हे दाखल आहेत. एकदा गंजाडला एका ओळखीच्या शेतकऱ्याकडे बारशाला गेलो होतो. यजमानांनी हौसेने पुरी वाढली. साडूंनी खिशातून वर्तमानपत्राचा तुकडा काढला, त्यात पुरी दाबली, तो कागद उजेडात धरला आणि भर पंगतीत म्हणाले, "बघा, आरपार दिसतंय!" यजमान काही कमी नव्हते. म्हणाले, "भाऊ, पेपर घरी वाचा ना. इथं जेवा." पंगत हसली, मीही हसलो. ताई मात्र ताटात बघत बसली होती.

ताई म्हणजे माझ्या बायकोची थोरली बहीण आणि साडूंची पत्नी. साडूंचं तेलाशी वैर जडलं ते तिच्यामुळेच. त्याआधी ते चारचौघांसारखे तळलेलं खात. रेल्वेच्या पार्सल ऑफिसात पस्तीस वर्षं नोकरी केली, आणि दर शनिवारी ड्यूटी संपली की स्टेशनबाहेरच्या चायनीजच्या गाडीवरून ताईसाठी दोन स्प्रिंग रोल कागदात बांधून घरी न्यायचे. ते रोल म्हणजे ताईचा जीव की प्राण. पहिला घास दाराशीच व्हायचा, चप्पल काढायच्या आत. मग तिच्या हृदयाचं ऑपरेशन झालं आणि डॉक्टरांनी सांगितलं, तेल जवळजवळ बंद. ताईने सगळं निमूट सोसलं. अळणी जेवली, रोज सकाळी समुद्रावरच्या सुरूच्या झाडांपर्यंत चालून आली. पण शनिवार संध्याकाळ झाली की तिचे डोळे दाराकडे जात. "ती मागत नाही हो, मास्तर," साडू मला एकदा म्हणाले. (मी तलासरीला शाळेत शिकवतो, म्हणून ते मला मास्तर म्हणतात.) "मागितलं असतं तर रागावता तरी आलं असतं. ती नुसती बघते." त्या आठवड्यात त्यांनी ओव्हन आणला. तेलाचा थेंब न लावता भाजलेला, पण गाडीवरच्यासारखा कुरकुरीत रोल करायचा आणि तो ताईने आवडीने संपवायचा, एवढं एकच काम निवृत्तीनंतर त्यांनी अंगावर घेतलं.

आता पार्सल ऑफिसातला माणूस रोल करतो तेव्हा तो रोल करत नाही, पार्सल बांधतो. पट्टीने मोजून पाऱ्या कापायच्या. कडांना मैद्याची खळ लावायची आणि ती सुकेपर्यंत हाताची घडी घालून बाजूला उभं राहायचं. एकही रोल दुसऱ्यापेक्षा जाड असता कामा नये. पारी कधी मैद्याची, कधी गव्हाची, कधी तांदळाची, एकदा तर नागलीची. पावसाळ्यात आमच्या तलासरीच्या बाजारातून बांबूचे कोवळे कोंब नेऊन तेही सारणात घातले, आणि कोसबाडच्या एका शेतकऱ्याशी कोबीत पाणी किती असतं यावर अर्धा तास वाद घातला. सारणात पाणी राहिलं की पारी आतून ओली होते, हा त्यांचा शोध होता. म्हणून ते कोबी किसून धोतराच्या फडक्यात पिळायचे, इतका की शेवटी फडकं फाटायचं.

रविवारी दोघं एसटीने आमच्याकडे येत. ताई घरी रोल चाखायची नाही. म्हणायची, "धाकटीबरोबर खाईन. एकटीला गोड लागत नाही." म्हणून बारा रोलांचा स्टीलचा डबा सुतळीने बांधून तलासरीला यायचा, आणि त्या सुतळीला पुठ्ठ्याचं लेबल असायचं: 'क्रमांक ४. डहाणू ते तलासरी. नग बारा. तेल: नाही. उलटू नये.' डबा बायकोच्या हाती देऊन साडू ओटीवर बसत. स्वतः आमच्याकडे एकही रोल खात नसत. तंबाखूने आपली जीभ कामातून गेली आहे, तेव्हा आपल्या मताला किंमत नाही, असं ते मानत. शिवाय "पार्सलवाल्याने पार्सल फोडून खायचं नसतं," हे होतंच. त्यांची परीक्षा कानांची होती. गाड्यांच्या आवाजाने कान थोडे मंद झालेले, म्हणून ताईने पहिला घास घेतला की ते ओटीवरून ओरडून विचारत, "आवाज आला का?" आणि ताई स्वयंपाकघरातून ओरडून सांगे, "आला हो, आला!"

आला नव्हता. पहिले आठ क्रमांक आम्ही सगळ्यांनी खाल्ले, म्हणून सांगतो. दुसरा रोल चावताना माझी दाढ दुखायला लागली आणि सहावा ओल्या पुठ्ठ्यासारखा होता. ताई प्रत्येक वेळी एक कसाबसा गिळायची आणि दुसऱ्याला हात लावायची नाही. नवव्या रविवारी तिने तो अर्धाच खाल्ला, माझ्या बायकोकडे बघितलं आणि लहान मुलीसारखी म्हणाली, "दोनच मिनिटं तेलात सोड ना गं. त्यांना कशाला कळतंय?"

बहिणीला नाही म्हणणं माझ्या बायकोला जमलं नाही, आणि खरं सांगायचं तर मलाही नाही. तेव्हापासून दर रविवारी साडू ओटीवर आणि रोल कढईत. एका ताटात दोन रंगांचे रोल दिसायला नकोत म्हणून बाराच्या बाराही तळले जायचे. वास लपवण्यासाठी मला पापडाचं सोंग घ्यावं लागलं. "मास्तरांना पापड लागतो जेवताना," असं माझी बायको सांगे. मग मी ओटीवर बसून पापड खायचा आणि साडूंनी माझ्या रक्तवाहिन्यांवर व्याख्यान द्यायचं. वर्षभरात मी इतके पापड खाल्ले की माझ्याच डॉक्टरांनी मला दम दिला. पण आत ताई तीन-तीन रोल खाऊन हसायची. "आवाज आला का?" "आला हो, आला!" आता तो खरोखरच यायचा, ओटीपर्यंत ऐकू येई, आणि साडू मान डोलवत पुढच्या क्रमांकात काय बदलायचं ते मला सांगत बसत. एवढा कुरकुरीत झाल्यावर आणखी काय बदलायचं, हे मी विचारलं नाही.

त्याच सुमारास त्यांच्या घरात नवीन फर्मान निघालं: फोडणीही बंद. सोमवार ते शनिवार डाळीला नुसतं भाजलेलं जिरं. ताई आमच्याकडे तक्रार करायची, "पाण्यात फोडणी देतात गं, मोहरी बिचारी तडतडायला बघते आणि बुडते." आम्ही पोट धरून हसायचो. माणसाचं डोकं फिरलं आहे, असं मी चारचौघांत बोललोसुद्धा. ते बोलल्याची मला आज लाज वाटते.

दिवाळीनंतरच्या एका दुपारी ताईने तुळशीला पाणी घातलं, खुर्चीत येऊन बसली आणि गेली. हृदय केव्हाचंच थकलं होतं, एवढे दिवस निघाले हेच नवल, असं डॉक्टर म्हणाले. आम्हाला त्याने धीर आला नाही. बायकोने कढई माळ्यावर टाकली. रात्रंदिवस एकच प्रश्न दोघांच्याही मनात होता आणि आम्ही तो एकमेकांना विचारत नव्हतो. दिवसकार्य झाल्यावर साडूंकडे जायलाही पाय धजेनात.

मग एका रविवारी नेहमीच्या एसटीने साडू एकटेच आले. हातात डबा, सुतळी, लेबल. डबा बायकोपुढे ठेवून ते ओटीवर न बसता आत येऊन स्वयंपाकघरात पाटावर बसले. बायकोने डब्याला हात लावला आणि तिला रडूच फुटलं. "भावोजी, मला एक सांगायचंय. ताई असताना मी हे..."

"तळायचीस," साडू म्हणाले. "ठाऊक आहे मला."

त्यांनी खिशातून लेबलांचा गठ्ठा काढला. डब्याबरोबर परत गेलेली सगळी लेबलं त्यांनी जपून ठेवली होती. त्यातलं एक उजेडात धरलं. 'तेल: नाही' या अक्षरांवरच माझ्या बायकोच्या अंगठ्याचा तेलकट ठसा आरपार दिसत होता. "पस्तीस वर्षं डाग बघून आत काय फुटलंय ते सांगायचो, धाकटे. हा दहाव्या रविवारीच कळला."

"मग बोलला का नाहीत?" मी विचारलं.

"काय बोलणार, मास्तर? परत जाताना एसटीत ती गाणं गुणगुणायची. ऑपरेशननंतर पहिल्यांदा." त्यांनी ते लेबल पुन्हा गठ्ठ्यात सारलं. "डॉक्टरांना जाऊन विचारलं. म्हणाले, आठवड्यातून एकदा थोडं चालेल, पण मग बाकीचे सहा दिवस थेंब नको. म्हणून फोडणी बंद केली. तिचीही आणि माझीही. तू मनाला लावून घेऊ नकोस, धाकटे. तू दिलंस ते मी बाकीच्या दिवसांतून कापून घेत होतो."

माझी बायको पदराने तोंड झाकून बसली होती. मला राहवेना. विचारलं, "ती तळलेलेच खाते हे ठाऊक होतं, तर मग दर रविवारी नवीन खटाटोप कशाला करत होतात?"

"वाटायचं," ते म्हणाले, "एखाद्या रविवारी ही धाकटी आतून सांगेल, 'भावोजी, आज तळायची गरज नाही.'"

साडूंनीच सुतळी सोडली. लेबलावर लिहिलं होतं, 'क्रमांक ६३.' ताईच्या शेवटच्या रविवारी आणला होता तोच क्रमांक. त्यांनी त्याच मापाने पुन्हा केला होता. बायकोची नजर माळ्यावरच्या कढईकडे गेलेली पाहून ते म्हणाले, "नको. आता तेल कोणासाठी? तसाच खा."

मी एक उचलला. नवव्या क्रमांकानंतर त्यांचा न तळलेला रोल मी चाखलाच नव्हता. कोणीच चाखला नव्हता. दात लावला आणि तो असा वाजला की मी दचकलो. पारी पातळ, खमंग भाजलेली, आत कोबी कोरडा आणि कोवळा. गाडीवरच्या रोलला मागे सारील असा. हा रोल त्या शेवटच्या रविवारी ताईच्या पुढ्यात होता, आणि तो तसाच न चाखता आम्ही कढईत टाकला होता. कितव्या क्रमांकापासून जमला होता, तेही आता कधी कळणार नाही. त्यांना जमलं होतं, आणि जिच्यासाठी जमवलं तिला ते आमच्यामुळे कळलं नाही. एवढं दुःख मला ताईच्या जाण्यानेही झालं नव्हतं.

साडू आमच्याकडे बघतच नव्हते. ते ओटीच्या दाराकडे तोंड करून बसले होते, आणि सवयीने, कोणाला म्हणून नव्हे, त्यांच्या तोंडून निघून गेलं, "आवाज आला का?"

माझ्या बायकोने डोळे पुसले, एक रोल उचलला, त्याचा कडकडून तुकडा तोडला आणि त्यांच्या मंद कानांना ऐकू जाईल अशा, अगदी ताईच्याच सुरात म्हणाली, "आला हो, आला!"