अडेनियमचं पाणी

गॅलरीतल्या अडेनियमचं फुगीर खोड आज दाबून पाहिलं, तर अंगठा आतच गेला. हे होते तेव्हा रोज असंच दाबून बघायचे. म्हणायचे, "घट्ट आहे, म्हणजे पोटात पाणी आहे. वाळवंटातलं झाड आहे गं, लाडानं मारू नकोस त्याला."

हे गेल्यावर भेटायला येणाऱ्यांना माझ्याशी काय बोलावं ते सुचायचं नाही. मग कुंडीतली कोरडी माती बघून ते हळहळायचे आणि तांब्याभर पाणी घालायचे. मी कुणाला अडवलं नाही. तेवढंच त्यांच्या हातात होतं. कोरडं राहू देणं हीसुद्धा माया असते, हे कसं सांगणार?

शेजारच्या काकू डोळे पुसत म्हणाल्या, "त्यांच्या मागोमाग गेलं हो झाड."

मी कुंडी उचलायला गेले. ओल्या मातीनं इतकी जड झाली होती, की मला एकटीला हलेना.