पाण्याच्या कचेरीतल्या बायकांचा निकाल

कोर्टातले लोक त्यांना पाठीमागे ‘आधीसाहेब’ म्हणत. लिफ्टमध्ये आधी ते शिरणार, सभेत पहिली खुर्ची ते धरणार आणि फोटो काढायचा म्हटलं की मधली जागा त्यांचीच. सगळ्यात खालच्या कोर्टापासून एकेक बढती घेत ते वरच्या न्यायाधीशाच्या पदाला पोचले होते. या चढण्याचं त्यांना इतकं कौतुक, जणू बाकीचे सगळे तिथे आयते येऊन बसले होते.

अशात एक बाई आल्या. वकिली करता करता परीक्षा देऊन त्या थेट वरच्याच पदावर निवडल्या गेल्या, आणि तेही राखीव जागेवर. साहेबांच्या पोटात दुखायला एवढं पुरेसं होतं. त्यात नवी ज्येष्ठता यादी निघाली आणि बाईंचं नाव साहेबांच्या वर लागलं. साहेबांना बढती मिळण्याच्या आधीपासून बाईंची जागा रिकामी पडून होती. भरतीचे नियम कोणते लावायचे यावर वरच्या कचेरीत नुसता काथ्याकूट चालला होता, म्हणून त्या उशिरा रुजू झाल्या. यादी करणाऱ्यांनी जागा कधीची ते पाहिलं. साहेब मात्र माणूस दारातून कधी आत आला तेवढंच पाहत होते.

मुख्य न्यायाधीश लवकरच निवृत्त होणार होते, आणि यादीत जो वर त्याला त्यांची खुर्ची मिळणार होती. साहेबांचे स्वतःचेही थोडेच महिने उरले होते. ही खुर्ची हुकली की पुन्हा नाही, हे त्यांना झोपेतसुद्धा ठाऊक होतं. त्यांनी यादीवर हरकत घेतली. तेव्हापासून दुपारच्या चहाला बिचाऱ्या शिपायाची पंचाईत झाली. पहिला कप कोणाला द्यायचा ते न कळून तो ट्रे दोघांच्या मधोमध ठेवून पळ काढी. लोकांच्या घरादारांचे निवाडे करणारी ही विद्वान मंडळी चहा गार होईपर्यंत एकमेकांच्या हाताकडे बघत बसत.

घरीही तेच दळण.

“मागून आलेली बाई माझ्या डोक्यावर बसणार?”

“या घरात मी तुमच्या आधीपासून आहे,” बायको म्हणाली. “माझ्या वडिलांचं घर. तरी भाजी मीच निवडते ना? लावा की इथे तुमची ज्येष्ठता.”

साहेबांनी वर्तमानपत्र तोंडापुढे धरलं.

तसे ते अगदीच टाकाऊ नव्हते. नवे नवे न्यायाधीश झाले असताना त्यांनी एक निकाल खरोखर सुरेख दिला होता. पाणीपुरवठ्याच्या कचेरीने काही बायकांच्या राखीव जागा बरीच वर्षं भरल्याच नाहीत, आणि भरल्यावर मधल्या काळात आलेल्या पुरुषांच्या खाली त्यांची नावं लावली. साहेबांनी लिहिलं होतं, ‘उशीर कचेरीने केला. त्याची शिक्षा या बायकांनी का भोगायची?’ हा निकाल ते पाहुण्यारावळ्यांत तोंडपाठ म्हणून दाखवत. बायकोने तो इतक्यांदा ऐकला होता की स्वयंपाकघरातून ती पुढचं वाक्य पुरवी.

हरकतीची सुनावणी तीन वरिष्ठ न्यायाधीशांच्या समितीसमोर झाली. साहेब खूप वेळ बोलले. मग बाई उठल्या आणि त्यांनी फक्त एक निकाल वाचून दाखवला. साहेबांचे ओठ सवयीने सोबत हलू लागले आणि मधेच थांबले.

“कोणाचा निकाल हा?” अध्यक्षांनी विचारलं.

“साहेबांचाच,” बाई म्हणाल्या. “शिकत असताना वाचला होता. तो वाचूनच मला या नोकरीत यावंसं वाटलं.”

दुसरा कोणी असता तर तिथेच हरकत मागे घेऊन घरी गेला असता. साहेब घसा खाकरून म्हणाले, “त्या कारकून बायका होत्या. आपण न्यायाधीश आहोत.”

अध्यक्षांनाही हे जरा जड गेलं. “निकाल बरोबर असेल तर तुमची हरकत टिकत नाही. चुकला होता असं म्हणत असाल, तर तसं लेखी द्या.”

साहेबांनी खिशातलं पेन काढलं. ‘सदर निकाल देताना माझी चूक झाली’ असं वळणदार अक्षरात लिहून खाली सही ठोकली. समितीतले तिघेही बढत्या घेतच वर आलेले. आपल्यातल्याच माणसाला त्यांनी कसा रिकाम्या हाती पाठवला असता? यादी बदलली. बाई खाली गेल्या, साहेब मुख्य न्यायाधीश झाले, आणि शिपाई पहिला कप न घाबरता त्यांच्यापुढे ठेवू लागला.

त्या आनंदात मेहुण्याने सगळ्यांना जेवायला बोलावलं. जेवणं झाल्यावर तो पाहुण्यांना म्हणाला, “आमच्या भाऊजींचा एक निकाल ऐकाच. भाऊजी, तो पाण्याच्या कचेरीतल्या बायकांचा म्हणा ना!”

सगळे सरसावून बसले. साहेबांनी तोंड उघडलं आणि मग पाण्याचा पेलाच ओठांना लावला. पुढचं वाक्य पुरवायला आज बायकोही तयार नव्हती. ती समोरची ताटं उचलत भावाला म्हणाली, “तो म्हणायला नको सांगूस रे त्यांना. तो त्यांनी खुर्चीपायी देऊन टाकला.”