चष्मा दादाचा, बोट माझं

खाप्याच्या शाळेत मी मास्तरांच्या शिकवण्यापेक्षा त्यांची चालच जास्त शिकलो. कोणाचीबी नक्कल सांगा, मी हजर! पुढं नागपूरले काकाच्या घरी राहाले आलो. तिथं माझा चुलतभाऊ, दादा. त्याच्या पॅन्टची इस्त्री मोडे नाही, जेवताना शीत सांडे नाही. काकूचं दिवसभर एकच, दादाले पाह्य, दादाले पाह्य.

माह्यासाठी सक्करदऱ्याले मुलगी पाहाले निघालो, तवा काकूनं बजावलं, "वाह्यातपणा नोको करू गा. दादासारखा बस, दादासारखा बोल. नाही तं कोण देईन तुले पोरगी?"

हे तं सोपं काम! दादा बाजूलेच बसला होता. तो पाय जुळवून बसला, मीबी. तो हळूच खाकरला, मीबी. मुलीच्या बापानं ट्रांझिस्टर बंद करून इचारपूस सुरू केली, मी दादाच्या आवाजात उत्तरं देल्ली. मग दादानं बोटानं चष्मा वर सरकवला. मीबी सरकवला.

मुलगी पदरात तोंड खुपसून हासाले लागली. "बाबा, यांचा चष्मा कुठं हाये?"

माह्या नाकावर चष्मा कधीच नव्हता.

"नक्कल करून राहिले का भाऊ?" बाप म्हणे. दादा लालभडक.

मुलगी म्हणे, "आता तुमची सोताची करा ना."

मी तोंड उघडलं, मास्तर निघाले. पुन्हा उघडलं, काका निघाला. मंग कोणीच निघे ना. ती वाट पाहून राहिली. आपला आवाज कोणता बाप्पा? घाबरून तर्रीपोह्याचा घास कोंबला, तं झणझणीत तर्रीचा रस्सा सरळ घशात. असा ठसका लागला का पोहे दादाच्या पॅन्टवर. "आई वं, मेलो!" माह्या तोंडून निघालं.

"गेली पोरगी हातची," काकू म्हणे. तरी होकार आला!

लग्न झाल्यावर बायकोले इचारलं, "खरं सांग वं, पसंत कोणाले केलं? मले का दादाले?"

"ज्याले ठसका लागला त्याले."

आता घ्या! पाय जुळवले ते वाया गेले अन् पोहे उडवले ते कामी आले? मी आरशापुढं उभा राहून तोच ठसका काढून पाह्यला. दोनदा, तीनदा.

आतून बायको म्हणे, "अहो, खाकरलं कोण? दादा आले का?"