आक्कांच्या वतीनं घेतलेलं दर्शन

माझी पत्नी सुनंदा गेल्यावर आमच्या सांगलीच्या घरी भेटायला येणाऱ्यांत दूरच्या नात्यातल्या एक वहिनी होत्या. निघताना उंबऱ्याशी थांबून त्या मला म्हणाल्या, "भावोजी, तुमच्यावरचं तिनं स्वतःच्या अंगावर घेतलं हो. नशीबवान आहात." सुनंदाच्या कौतुकापोटीच त्या बोलल्या, याबद्दल मला तेव्हाही शंका नव्हती आणि आजही नाही. पण काही वाक्यं कुसळासारखी असतात. कपड्यात कुठं अडकलंय ते दिसत नाही, टोचत मात्र राहतं.

साडेसाती माझी होती. माझी रास कुंभ. पत्रिका वगैरे मी कधी मनावर घेतलं नाही. शाळेच्या ग्रंथालयात नोकरी झाली, छापलेल्या शब्दावर विश्वास ठेवायचा तर आधी दोनदा वाचायचं, ही सवय अंगात मुरलेली. सुनंदानं मात्र मनावर घेतलं. माझ्यासाठी ती शनिवार धरायची आणि संध्याकाळी मारुतीच्या देवळात जायची. तेल, उडीद, रुईच्या पानांचा हार. त्या देवळाच्या कोपऱ्यात शनीची काळी शिळा आहे. तिच्यासमोर सुनंदा कधी सरळ उभी राहिली नाही. एका बाजूला उभं राहून, मान खाली घालून हात जोडायची. शनीची दृष्टी थेट अंगावर पडू नये म्हणून असं तिरकं उभं राहायचं असतं, हे तिनंच मला सांगितलं होतं. मी बाहेर पारावर पुस्तक उघडून बसायचो. मग साडेसातीच्या ऐन मधल्या काळात दुखणं आलं, ते तिला. मला त्या सबंध काळात साधा तापही आला नाही.

देवावर मी रागावलो होतो असं म्हणणं फार मोठं होईल. मी नुसता त्याच्याशी बोलायचा थांबलो. वहिनी म्हणाल्या तसा अदलाबदलीचा व्यवहार वर खरोखरच झाला असेल, तर तो करणाऱ्यापुढं मला उभं राहायचं नव्हतं. आणि झाला नसेल, वर कोणी नसेलच, तर हात कुणापुढं जोडायचे? दोन्हींच्या मध्ये मी बसून राहिलो. देवघरातली पूजा सुटली. वाचायला घेतलेलं पान संध्याकाळपर्यंत तेच राहायचं. सुनंदाची आठवणसुद्धा धड येत नसे. ती आठवायची, ती माझ्यासाठी तेल वाहताना, माझ्यासाठी उपाशी. तिचा चेहरा डोळ्यांपुढं आला की त्यामागून ते वाक्य यायचंच.

आमची मुलगी वैशाली साताऱ्याला असते. जावई तिथल्या औद्योगिक वसाहतीत कारखान्यात आहेत. मार्गशीर्षात ती मला चार दिवस घेऊन गेली आणि एका सकाळी चहा देता देता म्हणाली, "बाबा, आज डोंगरावर जायचंय. सूर्यास्त बघायचा, मग दुर्बिणीतून तारे."

"मला काय करायचेत तारे?"

"तुम्हाला नाहीच करायचे. मला बघायचेत. तुम्ही सोबतीला या."

असं म्हटल्यावर नाही म्हणता येईना.

दुपार कलताना दोन जीपगाड्यांतून आम्ही दहा-बाराजण ठोसेघरच्या वर चाळकेवाडीच्या पठारावर पोहोचलो. आम्हाला नेणारी मुलगी वैशालीच्याच वयाची, पण सगळेजण तिला ताई म्हणत होते, म्हणून मीही म्हणू लागलो. आमच्या गाडीत वडूजकडचे एक निवृत्त फौजी आणि त्यांची आई होती. म्हातारी नऊवारी लुगड्यावर मुलाची हिरवी लष्करी जर्सी चढवून आली होती. मुलगा तिला आक्का म्हणायचा, त्यामुळे ती गाडीभर सगळ्यांची आक्का झाली.

"आक्का, वारं लय गार हाय. कान झाक."

"माज्या कानाचं ऱ्हाऊ दे. तुजं टक्कल झाक आदी."

गाडी हसली. मीही बहुधा हसलो असेन, कारण वैशालीनं चटकन माझ्याकडं पाहिलं.

आभाळ मात्र भरलेलं होतं. आमच्या सांगलीकडं अशा दिवसांत ढग आले की द्राक्षबागायतदारांचे चेहरे उतरतात. इथं ताईचा चेहरा तसाच झाला होता. "आज कदाचित काहीच दिसणार नाही," तिनं प्रामाणिकपणे सांगून टाकलं. आक्का म्हणाल्या, "ढगाला इच्यारून आलाव व्हय आपन? दिसंल त्ये बगू." आम्ही पठाराच्या पश्चिमेच्या कडेला जाऊन उभे राहिलो. पवनचक्क्यांची लांबच लांब पाती संथ फिरत होती, झोपेत कूस बदलावी तशी, आणि प्रत्येक फेरीला त्यांचा दीर्घ निःश्वास कानावर यायचा. सूर्य दिसलाच नाही. फक्त कोयनेकडच्या डोंगररांगांवर, ढगांखाली, एक तांबूस पट्टा उघडला आणि एकामागं एक रांगा निळ्या, मग जांभळ्या, मग नुसत्या धुरासारख्या होत गेल्या. खालच्या खोऱ्यात धुकं साचू लागलं होतं.  मला वाटलं, इथून पुढं जमीन नाहीच, आपण कशाच्या तरी काठावर येऊन थांबलो आहोत, आणि तसं थांबणंही बरं आहे.

अंधार पडला. ताईनं दुर्बीण मांडली, आपल्या विजेरीवर तांबडा कागद लावला आणि सगळ्यांना मोबाइल खिशात ठेवायला सांगितलं. "डोळ्यांना अंधाराची सवय होऊ द्या," ती म्हणाली. सतरंज्यांवर आम्ही बसलो. वर एकही तारा नव्हता. आक्का माझ्या शेजारी टेकल्या. माझ्या चष्म्याकडं बघून त्यांनी मला मास्तर ठरवून टाकलं होतं. मी ते दुरुस्त केलं नाही.

"मास्तर, मालकीन न्हाई आल्या?"

"नाहीत त्या. गेल्या."

 आक्कांनी पदराच्या गाठीतून शेंगदाणे आणि गुळाचा खडा काढून माझ्या हातावर ठेवला. "खावा. गार हाय," एवढंच म्हणाल्या. त्या दिवसापर्यंत ज्यांनी ज्यांनी माझं सांत्वन केलं, त्यांच्यात इतकं कमी कुणीच बोललं नव्हतं.

किती वेळ गेला ते कळलं नाही. नैर्ऋत्येला ढग फाटला. फार नाही, हातरुमालाएवढा. आणि त्या फाटीत बरोबर एक ठिपका, न लुकलुकणारा. ताई उठून दुर्बिणीकडं धावली. तिनं डोळा लावला, काही क्षण हलली नाही, मग हसून म्हणाली, "या सगळे. सबंध आभाळात एवढीच जागा उघडलीय आणि तिथं शनी आहे. सध्या कुंभ राशीत आहे तो."

कुणीतरी म्हणालं, "घ्या! हितं पण पाठ सोडंना." हशा पिकला. मी सतरंजीवरून उठलो, पण रांगेत जाण्यासाठी नव्हे. मला गाडीकडं जायचं होतं.  एकेकजण दुर्बिणीशी वाकत होता, "आहाहा" म्हणत बाजूला होत होता. वैशालीही पाहून आली. मी तिथंच उभा राहिलो.

शेवटी आक्का गेल्या. चपला त्यांनी लांबच काढल्या आणि थंड कातळावरून अनवाणी चालत जाऊन दुर्बिणीला हात जोडले. मग बाजूला उभं राहून, मान वाकडी करून, कडेकडेनं त्यांनी आत पाहिलं.

"काय दिसतंय, आजी?" ताईनं विचारलं.

"अंधार."

"तिरकं नाही, समोर या. सरळ डोळा लावा."

"आवं ताई, शनीम्हाराजाला समोरनं कुनी बगतं व्हय? नदर पडती."

फौजी म्हणाले, "आक्का, त्यो लय लांब हाय."

"लांबनंच पडती की रं. जवळनं कशाला पडंल?" आणि त्या वळल्या. "मास्तर, तुमी बगा. आन मला सांगा."

दुसऱ्या कुणी आग्रह केला असता तर मी नाही म्हटलं असतं. माझ्यासाठी मी पाहिलंच नसतं. पण त्या बाईनं मला स्वतःच्या वतीनं पाठवलं होतं आणि तिचा गूळ अजून माझ्या जिभेवर होता. मी गेलो. डोळा लावला. काळोख. तेव्हा लक्षात आलं की माझंही अंग आपोआप तिरकं झालं आहे. एवढी पुस्तकं वाचलेला मी, एक खांदा पुढं करून, चेहरा चुकवून उभा होतो. मी पाय सरळ केले आणि समोर आलो.

तो दिसला. पिवळसर, गव्हाच्या दाण्याएवढा, आणि त्याभोवती किंचित कललेली बारीक कडी. इतका स्वच्छ, इतका एकटा, की हातून काही सांडेल म्हणून माणूस श्वास धरतो तसा मी श्वास धरला. तो माझ्याकडं पाहत नव्हता. कुणाकडंच पाहत नव्हता. तो आपल्या जागी नुसता होता.

"सरकतोय," मी म्हणालो.

"तो नाही, सर," ताई हळूच म्हणाली. "पृथ्वी फिरतेय. आपण सरकतोय." तिनं दुर्बीण जराशी वळवून दिली.

"मास्तर, कसा हाय?" मागून आक्कांचा आवाज आला.

"लहान आहे, आक्का. भोवती कडं आहे."

"रागावल्यावानी दिसतुया का?"

 ज्याच्याविषयी इतके दिवस मनात एकच प्रश्न धरून बसलो होतो, तोच प्रश्न ती म्हातारी मला विचारत होती, आणि आता खोटं बोलायची सोय नव्हती. मी समोर उभा होतो.

"नाही," मी म्हणालो.

"नीट बगा."

"नीट बघितलं, आक्का. रागावलेला नाही. अजिबात नाही."  डोळा लावताना काढलेला चष्मा हातातच राहिला.

"मग बगते मी बी," असं म्हणून त्या आल्या, पदर सावरला आणि थेट समोर उभ्या राहिल्या. बराच वेळ त्यांनी डोळा काढला नाही. "आगं बया," त्या पुटपुटल्या. "एवडासा जीव, आन किती भ्यालो आमी." त्यांनी पुन्हा हात जोडले, तेव्हा माझेही जोडले गेले. थोड्याच वेळात ढग मिटला. त्या रात्री आभाळ परत उघडलं नाही.

उतरताना जीपमध्ये मी वैशालीला वहिनींचं वाक्य सांगितलं. आजवर तिच्यापाशी बोललो नव्हतो. गाडीच्या उजेडात वळणं येत होती, जात होती. ती बाहेर बघत ऐकत राहिली. मग म्हणाली, "आईचं दुखणं आईचं होतं, बाबा. तेवढं तरी तिचं राहू द्या की." तिच्या आवाजात थोडा राग होता, आणि तो योग्यच होता.

त्या फाटीतून शनीच का दिसला, हे मी कुणाला पटवून देऊ इच्छित नाही. ढग वाऱ्यानं हलतात, एवढं मलाही कळतं. ज्या दहा-बाराजणांनी तो पाहिला, त्यांतल्या बहुतेकांना एक सुंदर ग्रह दिसला असेल. मला दर्शन झालं. देवापुढं आपण बहुतेकदा कडेनंच उभे राहतो, काही चुकवायचं असतं म्हणून, काही मागायचं असतं म्हणून. ते दोन्ही बाजूला ठेवून समोर उभं राहणं म्हणजेच शरण जाणं असेल, असं आता वाटतं. तिथं जाब मिळत नाही. जाब मागणारा मात्र शांत होतो. आक्कांचं नावगावही मी नीट विचारून घेतलं नाही. माझा हात धरून त्यांनी मला कुठं नेऊन सोडलं, हे त्यांना कधी कळणार नाही. ज्यानं त्यांना माझ्या शेजारी बसवलं, त्याच्याशी माझं बोलणं पुन्हा सुरू झालं आहे.

दुसऱ्या दिवशी सकाळी साताऱ्याच्या घरी जाग आली तीच सुनंदाच्या आठवणीनं. लहानपणी मिरजेला, नदीकाठच्या मळीच्या रानातल्या वाटेवर, थोरल्या भावाची उंच सायकल चोरून घेऊन ती पहिल्यांदा एकटी चालवत गेली होती आणि थांबवायची कशी ते माहीत नसल्यानं हसत हसत उसाच्या फडात घुसली होती. तिनंच कधीतरी सांगितलेलं. आमची ओळख व्हायच्या कितीतरी आधीची गोष्ट. मी डोळे मिटून पडून राहिलो आणि तिला जाऊ दिलं, वाऱ्यावर वेण्या उडताहेत, पाय पेडलपर्यंत जेमतेम पोहोचताहेत, आणि त्या सबंध वाटेवर मी कुठंच नाही.