कानावरून ओळखलेला माणूस

कोल्हापूरला स्टुडिओच्या रंगपटात मी अठ्ठावीस वर्षं दाढ्या-मिशा चिकटवल्या. शाळा चौथीपर्यंत. हे आधीच सांगते, कारण पुढं त्याचाच विषय निघणार आहे.

एक्स्ट्राची माणसं वीसच असायची. सकाळी तीच सैनिक, दुपारी तीच गावकरी, मग तीच दरबारात. सकाळी लढाईत मेलेला माणूस दरबारात पुढं उभा दिसता कामा नये, हे बघणं माझ्याकडं होतं. दाढी, टोप, पागोटं सगळं बदलतं, कान बदलत नाही. म्हणून मी कान लक्षात ठेवायचे. पडद्यावर नावांची पाटी यायची तेव्हा तीत माझं नाव कधी नसायचं. त्याचं मला काही वाटलं नाही. त्या लोकांशी माझं नातं कामापुरतं होतं.

आता परदेशात, हिल्सबरोला मुलाकडं राहते. मुलगा आणि सून नोकरीवर गेले की घरात मी आणि नात. ती इथंच जन्मली. मी मराठीत बोलते, ती इंग्रजी मिसळून उत्तर देते, दोघींचं भागतं. कॉलेजात ती सिनेमा शिकते. शंभर वर्षांपूर्वीच्या फ्रान्समधल्या मुक्या फिल्म तिला अभ्यासाला होत्या. गेल्या हिवाळ्यात ती हीटरपाशी बसून त्या बघायची आणि मी शेजारी वाटाणे सोलत असायचे. मधल्या पाट्या फ्रेंचमध्ये, त्यामुळं त्या खोलीत दोघीही सारख्याच अडाणी.

तिसऱ्या दिवशी मी म्हटलं, "हा पोलीस म्हणजे परवाचा घोडागाडीवाला."

"नो वे, आजी. त्याला दाढी होती."

"चिकटवलेली. आणि वाईट चिकटवलेली. कान बघ, वरच्या कडेला मुडपलाय."

तिनं दोन्ही चित्रं शेजारी-शेजारी लावून मोठी केली. मग घरात कुणी नवी पाहुणी आल्यासारखं माझ्याकडं बघितलं.

त्या हिवाळ्यात आम्ही साठेक फिल्म बघितल्या. सतरांमध्ये तो सापडला. घोडागाडीवाला, पोलीस, वेटर, डॉक्टर, राजाचा नोकर. नाव कुठंच नाही. सुरुवातीला तो दाराशी उभा असतो. मग दोन पावलं आत येतो. मग टेबलापर्यंत पोचतो, आणि एका फिल्ममध्ये नायकाच्या थोबाडीत मारतो. तेवढीच त्याची बढती. त्यानंतर काही वर्षं गायब. परत येतो तेव्हा डाव्या हातात हातमोजा, फक्त डाव्या. शेतकरी झाला तरी तो मोजा असतोच.

"ह्याची बोटं गेलीत," मी म्हटलं. "लढाईवर गेला असणार."

नातीनं वर्षं जुळवून बघितली. मध्ये खरंच लढाई होती. हाताचं काम जमेना म्हणून त्याला पुन्हा दाराशी उभा केला होता. शेवटच्या फिल्ममध्ये तर तो पाठमोरा आहे, तेवढा कानच दिसतो.

आणखी एका फिल्मवर तिचं फार मन होतं. तीत एक पाववाला म्हातारा नायक आहे. तोंडावळा बराच सारखा.

"आजी, हाच ना? फायनली लीड रोल."

मी तीनदा बघितली. "हा नव्हे. ह्याच्या कानाची पाळी गालाला चिकटलेली आहे, आपल्याची सुटी. आणि कणीक मळतोय बघ, दहाही बोटं जागेवर आहेत."

"ओह," म्हणाली आणि फिल्म बंद केली.

पुढं कॉलेजात त्या माणसावर तिचं भाषण ठरलं. मी इरकल नेसून गेले. दुसऱ्या रांगेत सुनेशेजारी बसले. मला इंग्रजी बोलता येत नाही, कळतं मात्र. नात म्हणाली, "मला कान दिसला. मला संशय आला. हातमोजा माझ्या लक्षात आला." शेवटी आभार मानले ते सरांचे, लायब्ररीचे, मैत्रिणींचे आणि घरच्या मांजराचे. मांजराचं नाव घेतल्यावर सगळे हसले.

त्याआधी तिनं तो पाववाला दाखवला. आयुष्यभर कोपऱ्यात उभा राहिलेला माणूस अखेर नायक झाला, असं सांगितलं. पुढच्या बाईनं डोळे पुसले. कान बघायचं कसं सुचलं, असं कुणीतरी विचारलं. "जस्ट अ हंच," नात म्हणाली, म्हणजे आपला अंदाज. माझ्याकडं तिनं बघितलं नाही.

येताना गाडीत मी म्हटलं, "तो पाववाला तो नव्हता."

"आय नो, आजी. पण एंडिंग पाहिजे ना. लोकांना खूप आवडलं."

"आणि कान कुणी बघितला?"

मग ती जवळजवळ सगळं मराठीत बोलली, जे ती सहसा बोलत नाही. "आजी, तू चौथीपर्यंत शिकलीस. तुझं सांगितलं असतं तर त्यांनी सिरियसली घेतलं नसतं."

गाडी चालवता चालवता सून म्हणाली, "जाऊ द्या हो आई. घरचीच पोरगी. तिचं नाव झालं म्हणजे तुमचंच झालं."

"मग माझं घेतलं असतं तरी तिचं झालंच असतं की."

सुनेनं रेडिओ लावला.

स्टुडिओवाल्यांनी मला कधी सोबत बसवून, माझ्या ताटलीतले वाटाणे खात माझं काम शिकून घेतलं नव्हतं. हिनं घेतलं. आणि त्या फ्रेंच माणसाचं तर फारच वाईट केलं. दाराशी उभं राहायचं काम त्यानं नीट केलं होतं, मोडक्या हातानंही केलं होतं. ते हिला कमी वाटलं, म्हणून दुसऱ्या कुणाची तरी फिल्म उचलून त्याच्या अंगावर घातली. त्या दुसऱ्याची ओळखही गेली.

महिन्याभरानं ती लॅपटॉप घेऊन माझ्या खोलीत आली. "आजी, पार्ट टू. अजून चोवीस फिल्म मिळाल्यात. यू इन?"

"माझं नाव घालशील?"

"आजी, आता सांगितलं तर आधीचं खोटं होतं असं होईल. आय विल बी इन ट्रबल."

"बरं," म्हटलं. "लाव."

चोवीसही तिच्यासोबत बसून बघितल्या. ती चित्र थांबवून विचारायची, "हा?" मी म्हणायचे, "आता नीट दिसत नाही गं." माझ्या दोन्ही डोळ्यांचे मोतीबिंदू गेल्याच वर्षी काढलेत. तिनंच मला डॉक्टरकडं नेलं होतं. तरी ती पुढची फिल्म लावत राहिली.

पाच फिल्ममध्ये तो आहे. कुठल्या पाच, ते मी वहीतसुद्धा लिहिलेलं नाही.